दप्तरी आढळ होत नाही

तीस वर्षं मी महापालिकेच्या जन्म-मृत्यू विभागात
खिडकी क्रमांक चारला बसले.
वेलांटी चुकली तर प्रतिज्ञापत्र,
बापाचं नाव चुकलं तर दोन साक्षीदार.
निवृत्त झाले तसे फादर म्हणाले,
इनासीनाबाई, आता देवळाची पुस्तकं बघा.

म्हणून हे पत्र माझ्याकडे आलं.

मेरीलँडहून. लोरेटा टॅनर, वय एकाहत्तर,
शाळेची बस चालवायची, आता गुडघे गेले.
(तिकडेही गुडघेच जातात. बरं वाटलं वाचून.)
घरात पिढ्यान् पिढ्या सांगत आले,
आपण कातडी कमावणारे, आडनावच तसं.
पण बारा वर्षं कोर्टाची दप्तरं उपसून
तिला एक जाहिरात सापडली,
तीनशे वर्षांपूर्वीची, चार बोटं रुंद:

पळाला आहे. ईस्ट इंडियाचा माणूस, टोनी,
स्वतःला कधी कधी टॅना म्हणवतो.
वय पंचविशीचं, उंची साडेपाच फूट,
अंगात तागाचा सदरा, पायात काही नाही,
उजव्या कानाला वरच्या बाजूस भोक.
आणून देईल त्यास चाळीस शिलिंग.

खाली लोरेटाचा प्रश्न:
जुन्या नकाशांवर तुमच्या गावाला टॅना म्हटलंय.
शेवटचा र मागाहून कुणी लावला असेल का?

लावला असेल, बाई.
एका कारकुनाच्या दुपारच्या डुलकीत
भोईरांचे भोर झालेले मी पाहिलेत,
आणि पुढच्या तीन पिढ्या
भोर म्हणूनच मेलेल्या.

कपाट उघडलं. डांबराच्या गोळ्यांचा वास.
किल्ला मराठ्यांनी घेतला त्याच्या आधीचं
एकही पान नाही.
वाळवीनं खाल्लं म्हणावं तर
वाळवी निदान भोकं तरी ठेवते.

कानाचं म्हणशील तर
माझ्या आज्याला होतं तसंच भोक, तिथंच.
चेंदणीतल्या निम्म्या म्हाताऱ्यांना होतं.
हा पुरावा मी खिडकीतून परत केला असता.

संध्याकाळी खाडीवर गेले.
ओहोटी. चिखलात एक पोरगा खेकडे शोधत होता,
पलीकडे कळव्याचे टॉवर एकेक दिवा लावत होते.
कुणाच्या होडीतून गेला असेल हा?
विकला, पळवला,
की पोटासाठी न वाचता येणाऱ्या कागदावर
अंगठा उठवून?

आणि मग ते डोक्यात आलं, जे तेव्हापासून जात नाही.
त्याची उंची आपल्याला ठाऊक आहे,
कारण तो कुणाच्या तरी मालकीचा होता
आणि निसटला.
इथं बंदरावर मीठ पाटीत भरत राहिली
ती त्याची आई,
तिची उंची कोण लिहिणार?
ती कुणाची हरवली नाही.
तिच्यावर चाळीस शिलिंग कुणी लावले नाहीत.
मी तिचीच असेन कदाचित,
किंवा तिच्या शेजारणीची.

घरी येऊन दाखला लिहायला घेतला, हात आपोआप चालला:
प्रमाणित करण्यात येते की सदर इसमाची नोंद
या दप्तरी आढळ होत नाही.
शेऱ्याचा रकाना तीस वर्षं मी कोरा सोडत आले.
आज लिहिलं:
घरात जुने फोटो असल्यास
पुरुषांचे उजवे कान बघून कळवावे.

नोव्हेंबरच्या दोन तारखेला देवळात
मेलेल्यांची नावं वाचतात.
त्या यादीला साक्षीदार लागत नाहीत,
पाच रुपयांची मेणबत्ती पुरते.
यादी टाइप करणारा डेन्झिल म्हणाला,
आंटी, आंतोन लिहिलं. आडनाव?

मी म्हटलं, टॅना.
तो टॅनर लिहायला लागला,
क्रिकेटमध्ये ऐकलं असेल कुठलं तरी.
थांब, म्हटलं,
र राहू दे.